एआयओ लिक्विड कूलर घ्यायचा का, कुठला घ्यायचा अन् बसवायचा कसा: नेहमी विचारले जाणारे प्रश्न

एआयओ (ऑल-इन-वन) म्हणजे पीसीच्या प्रोसेसरला पाण्याने थंड करणारा, कंपनीतूनच सीलबंद येणारा कूलर. मार्च लागला की त्याच्याबद्दल हेच प्रश्न सुरू होतात, म्हणून एकदाच सगळं लिहून टाकतोय. ज्यांनी कूलर आधीच घेतलाय त्यांनी सरळ खाली बसवायच्या भागाकडे जा, अन् काहीच वाचायचं नसेल तरी पंपाच्या वायरचा प्रश्न तेवढा वाचा.

भाऊ, मला एआयओ लागतो का? हो की नाही एवढंच सांगा.

बहुतेकांना नाही लागत. विचारणाऱ्यांपैकी बरेच जण रायझन ५ ७६०० नाहीतर आय५ १२४०० हे प्रोसेसर घेऊन बसलेले असतात. ७६०० फुल लोडवर ८८ वॅटला अडतो, १२४०० ची टर्बोची (म्हणजे जास्तीत जास्त वेगाने पळतानाची) मर्यादा ११७ वॅट आहे, एवढ्याला साधा चार हीटपाईपचा (उष्णता वाहणाऱ्या नळ्यांचा) टॉवर कूलर, म्हणजे उंच एअर कूलर, पुरतो अन् उरतो. ७८००एक्स३डी च्या डब्यावर १२० वॅट लिहिलंय हे खरं पण गेम खेळताना तो त्याच्या बराच खाली चालतो, त्याला डीपकूल एके६२० किंवा थर्मलराईट पीअरलेस असॅसिनसारखा सहा हीटपाईपचा डबल टॉवर लावला की विषय संपला, आणि तो ३६० च्या (तीन फॅनच्या) एआयओपेक्षा बराच स्वस्त पडतो. उरलेले पैसे ग्राफिक्स कार्डात किंवा चांगल्या एसएमपीएसमध्ये (पॉवर सप्लायमध्ये) घाला.

एआयओचं काम खऱ्या अर्थाने कुठे, तर आय७ १४७००के, आय९ १४९००के (दोघांची टर्बो मर्यादा २५३ वॅट), रायझन ९ ७९५०एक्स (२३० वॅट) असल्या चिपा, त्याही रेंडरिंग, व्हिडिओ एडिटिंग, कोड कंपाइल असं तासन्‌तास सगळे कोअर पळवणारं काम असेल तर. दुसरं कारण जागेचं, म्हणजे छोटं कॅबिनेट आहे अन् उंच टॉवर बसतच नाही. तिसरं कारण म्हणजे दिसायला भारी दिसतो. हेही कारण चालतं, पैसे तुमचे आहेत, फक्त मग "परफॉर्मन्ससाठी घेतला" असं घरी सांगू नका.

आत नेमकं असतं काय?

प्रोसेसरवर बसणारी तांब्याची प्लेट, तिच्या आतल्या बाजूला केसासारख्या बारीक चिरा, त्याच्यावरच छोटा पंप (काही मॉडेलमध्ये पंप नळीत किंवा रेडिएटरमध्ये असतो), दोन रबरी नळ्या, अॅल्युमिनियमचा रेडिएटर आणि त्याच्यावर फॅन. आतलं पाणी नुसतं पाणी नसतं, त्यात ग्लायकॉल अन् गंज रोखणारी केमिकल्स असतात कारण तांबं आणि अॅल्युमिनियम एकाच पाण्यात ठेवले की अॅल्युमिनियम हळूहळू खाल्लं जातं. म्हणून कोणी सांगितलं की "कमी झालं तर डिस्टिल्ड वॉटर टाक" तर ऐकू नका. कंपनीतून सीलबंद येतं, ते तसंच राहू द्यायचं.

आमच्याकडे मे महिन्यात ४५ डिग्री असतं. पाण्याचा कूलर असल्यावर प्रोसेसर थंडच राहील ना?

नाही, आणि हा गैरसमज सगळ्यात जास्त आहे. एआयओमध्ये कॉम्प्रेसर नसतो. तो उष्णता प्रोसेसरवरून उचलून रेडिएटरपर्यंत नेतो आणि तिथे तुमच्या खोलीतली हवा ती घेऊन जाते, त्यामुळे पाणी खोलीच्या तापमानाच्या खाली कधीच जात नाही. मोटामोटी हिशोब असा की खोली जेवढ्या डिग्रीने तापते तेवढ्याच डिग्रीने प्रोसेसरही वर जातो. जानेवारीत २५ डिग्रीच्या खोलीत रेंडरला ७२ दिसत असेल तर मे मध्ये ३९ डिग्रीच्या खोलीत तेच काम ८६ च्या आसपास दिसणार. कूलर बिघडला नाहीये, ऋतू बदललाय. म्हणूनच परदेशी रिव्ह्यूतले आकडे बघून नागपूर-चंद्रपूरवाल्यांनी अपेक्षा ठेवू नये, ते लोक एसी लावलेल्या २०-२२ डिग्रीच्या खोलीत टेस्ट करतात. चांगले रिव्ह्यू "खोलीपेक्षा किती डिग्री वर" असा आकडा देतात, तो बघा, त्यात आपलं तापमान मिळवा.

अजून एक विदर्भ-मराठवाड्याची गोष्ट. खिडकीतल्या डेझर्ट कूलरचा झोत थेट कॅबिनेटवर घेऊ नका. हवा गार असते हे खरं पण पॅड भिजल्यावर कधी कधी बारीक तुषार येतात, आणि बोअरचं पाणी असेल तर त्याचा पांढरा थर रेडिएटरच्या पत्र्यांवर बसतो. कॅबिनेट बाजूला ठेवा, खोली गार होतेय तेवढं पुरे.

२४०, २८० की ३६०?

हे आकडे म्हणजे रेडिएटरवर बसणाऱ्या फॅनची मिळून लांबी, मिलिमीटरमध्ये. २४० मध्ये १२० मिमीचे दोन, ३६० मध्ये तीन, आणि २८० मध्ये १४० मिमीचे दोन. लोक २८० ला विसरतात. क्षेत्रफळ काढून बघा, २४० चं २८८ चौरस सेंमी, २८० चं ३९२, ३६० चं ४३२, म्हणजे २८० हा ३६० च्या अगदी जवळ आहे अन् दोनच मोठे फॅन असल्याने आवाजही मवाळ. कॅबिनेटमध्ये १४० चे फॅन बसत असतील तर जरूर विचार करा.

१२० चा सिंगल फॅनवाला एआयओ घेऊ नका. त्या पैशात येणारा एअर कूलर त्याच्या बरोबरीने किंवा जास्तच चांगला चालतो, अन् त्यात बंद पडायला पंप नसतो. अगदी चिमुकलं कॅबिनेट असेल तरच.

२५० वॅटच्या चिपांना ३६०, मधल्यांना २४० किंवा २८०. ४२० पण येतो, पण तो बसेल असं कॅबिनेट तुमच्याकडे असेल तर तुम्हाला हे वाचायची गरज नाही.

कॅबिनेटवर "३६० सपोर्ट" लिहिलंय, म्हणजे बसेलच ना?

कुठे सपोर्ट ते वाचा. वर की समोर? बऱ्याच बजेट कॅबिनेटमध्ये समोर ३६० बसतो पण वर २४० च. दुसरं म्हणजे ३६० चा रेडिएटर ३६० मिमी लांब नसतो, दोन्ही टोकांच्या टाक्या धरून तो ३९५-४०० च्या आसपास भरतो. तिसरं जाडी. साधा रेडिएटर २७ मिमी, त्यावर २५ मिमीचा फॅन, झाले ५२. आर्क्टिक लिक्विड फ्रीझर ३ चा रेडिएटर ३८ मिमी जाड आहे, म्हणजे फॅन धरून ६३. वर लावायचा असेल तर मदरबोर्डच्या वरच्या कडेचे हीटसिंक आणि उंच रॅम याला आडवे येतात. समोर लावायचा असेल तर ग्राफिक्स कार्डची लांबी बघा, कारण कॅबिनेटच्या कागदावर जी कार्डाची कमाल लांबी लिहिलेली असते ती बहुतेक वेळा समोर रेडिएटर नसतानाची असते.

ऑर्डर करायच्या आधी टेप घेऊन कॅबिनेट उघडा अन् मोजा. दुकानदार "बसेल साहेब" म्हणतो, पण उरलेल्या मिलिमीटरशी तुम्हालाच झटापट करायची असते.

माझ्या सॉकेटला चालेल का?

सॉकेट म्हणजे मदरबोर्डवरची प्रोसेसर बसायची जागा. एएमडीच्या एएम४ अन् एएम५ सॉकेटची कूलरची भोकं सारख्याच अंतरावर आहेत, त्यामुळे एएम४ वाले बहुतेक कूलर एएम५ वर बसतात. फरक बॅकप्लेटमध्ये, म्हणजे बोर्डाच्या मागच्या आधाराच्या पट्टीत: एएम५ ची बॅकप्लेट सॉकेटलाच जोडलेली असते, ती काढायची नसते, म्हणून ज्या जुन्या कूलरला स्वतःची वेगळी बॅकप्लेट लागते तो एएम५ वर अडतो. इंटेलमध्ये एलजीए१७०० सॉकेटला भोकांचं अंतर ७५ वरून ७८ मिमी झालं, तेव्हा २०२१ च्या आधीचा कूलर असेल तर नवीन ब्रॅकेट लागेल, बऱ्याच कंपन्या मागितल्यावर देतात. एलजीए१७०० चे कूलर सहसा एलजीए१८५१ ला तसेच चालतात.

रायझन ७००० अन् ९००० च्या गरम होणाऱ्या चिपलेट (आतल्या छोट्या चिपा) प्रोसेसरच्या मधोमध नाहीत, एका कडेला आहेत. म्हणून काही कूलर किंचित सरकवून बसवायची सोय देतात. किटमध्ये ऑफसेट ब्रॅकेट असेल तर वापरा, दोन-चार डिग्री फुकटात सुटतात.

पंपावर छोटी स्क्रीन असलेला घेऊ का?

थंड करण्यात स्क्रीनचा काडीचा उपयोग नाही. आणि त्याचं सॉफ्टवेअर कायम मागे चालू ठेवावं लागतं. पुढे.

रेडिएटर वर लावू की समोर?

शक्य असेल तर वर. कारण हवेचे बुडबुडे. नळ्यांच्या रबरातून वर्षानुवर्षं थोडं थोडं पाणी झिरपून जातं, त्या जागी आत हवा जमते, आणि हवा नेहमी सगळ्यात उंच जागी जाऊन बसते. रेडिएटर वर असेल तर ती हवा रेडिएटरच्या टाकीत पडून राहते, कोणाला त्रास नाही. पंपच सगळ्यात उंच असेल तर हवा पंपात शिरते, मग आवाज, मग कमी पाणी, मग पंप लवकर जातो. म्हणून एकच नियम लक्षात ठेवा: रेडिएटरचं वरचं टोक पंपापेक्षा उंच पाहिजे. कॅबिनेटच्या तळाला रेडिएटर लावलेले फोटो इंस्टाग्रामवर दिसतात, दिसू द्या.

समोर लावला तर नळ्या खाली ठेवणं जास्त चांगलं, नळ्या वर ठेवल्या तरी रेडिएटरचं टोक पंपाच्या वर असेल तर चालतं. नळ्या खाली ठेवायच्या तर तेवढी लांबी पुरायला हवी, ओढून ताणून नको. समोरच्या रेडिएटरचा तोटा हा की त्यातून तापलेली हवा थेट ग्राफिक्स कार्डाला मिळते. फायदा हा की प्रोसेसरला बाहेरची ताजी हवा मिळते. तुमचं जास्त काम गेमिंगचं असेल तर वर लावा, कारण गेममध्ये सगळ्यात जास्त तापतं ते कार्ड.

फॅन कुठल्या बाजूने हवा फेकतो कसं ओळखायचं?

ज्या बाजूला मोटर धरणाऱ्या आडव्या काड्या असतात त्या बाजूने हवा बाहेर पडते. फ्रेमच्या कडेला बऱ्याचदा बाणही असतो. वरचा रेडिएटर असेल तर हवा बाहेर फेका, समोरचा असेल तर आत ओढा. उलटे पात्यांचे रिव्हर्स फॅनही आता मिळतात, तेव्हा काडीवर डोळे झाकून विश्वास नको, बाण बघा.

बसवायचा क्रम सांगा, स्टेप बाय स्टेप.

आधी मॅन्युअल उघडा, कारण प्रत्येक कंपनीचे स्क्रूचे पुडे वेगळे. तरी साधारण असं:

एएमडी असेल तर सॉकेटच्या दोन्ही बाजूचे काळे प्लास्टिकचे ब्रॅकेट चार स्क्रू काढून बाजूला करा. एएम४ वर हे स्क्रू निघाले की मागची बॅकप्लेट सुटून खाली पडते, म्हणून मागून हात ठेवा किंवा आधीच टेप लावा. मग किटमधले स्टँडऑफ (ज्यावर कूलर आवळायचा ते खांबासारखे स्क्रू) लावा. इंटेलवाल्यांनी किटमधली बॅकप्लेट मागून लावून स्टँडऑफ फिरवायचे.

मग फॅन रेडिएटरला बाहेरच, टेबलावर लावून घ्या. इथे स्क्रू दोन प्रकारचे येतात, लांब ३० मिमीच्या आसपासचे फॅन लावायला, अन् छोटे रेडिएटर कॅबिनेटच्या पत्र्याला लावायला. लांब स्क्रू फॅनशिवाय थेट रेडिएटरमध्ये फिरवला तर तो आतल्या पाण्याच्या चॅनेलला भोक पाडतो आणि कूलर तिथेच संपतो, वॉरंटीपण मिळत नाही. स्क्रू जड जातोय असं वाटलं की थांबा, जोर लावू नका.

रेडिएटर वर चढवायच्या आधी प्रोसेसरची आठ पिनची पॉवर केबल लावून घ्या! वरच्या डाव्या कोपऱ्यातला तो कनेक्टर रेडिएटर बसल्यावर झाकला जातो अन् मग दोन बोटं आत घालून अर्धा तास जातो. फॅनच्या वायरी मागच्या बाजूला येतील अशा फिरवा. मग रेडिएटर चढवा, सगळे स्क्रू अर्धवट लावा, सगळे लागल्यावर घट्ट करा.

आता ब्लॉक, म्हणजे प्रोसेसरवर बसणारा तांब्याच्या प्लेटचा भाग. तांब्याच्या प्लेटवरचा प्लास्टिकचा पापुद्रा काढला का ते बघा. हे मुद्दाम लिहायचं कारण, "नवीन कूलर, पण ९५ डिग्री" अशी तक्रार घेऊन येणाऱ्यांना पहिला प्रश्न हाच विचारावा लागतो. थर्मल पेस्ट (प्रोसेसरची उष्णता प्लेटला पोचवणारं मलम) लावा, ब्लॉक सरळ खाली ठेवा, नळ्या रॅमच्या बाजूला जातील असं बघा, आणि स्क्रू तिरके तिरके, एक इथला दोन फेरे, मग समोरच्या कोपऱ्यातला दोन फेरे, असे थोडे थोडे करत आवळा. एकच बाजू आधी पूर्ण आवळली तर पेस्ट एका बाजूला सरकते अन् दाब वाकडा येतो. स्प्रिंगवाले स्क्रू असतील तर ते थांबले की थांबायचं.

पेस्ट किती लावू? प्लेटवर आधीच लावलेली आहे तीच ठेवू का?

आधीची असेल तर पहिल्या वेळी तीच ठेवा, चांगली असते. स्वतः लावत असाल तर मधोमध वाटाण्याएवढी, मोठ्या चिपेला एक्सच्या आकारात पातळ. थोडी जास्त झाली तरी काही होत नाही, साधी पेस्ट वीज वाहून नेत नाही, रायझन ७००० च्या झाकणाच्या कडेच्या खाचांमध्ये थोडी साचली तर साचू द्या. कमी झाली तर मात्र त्रास. लिक्विड मेटल नको, ते वीज वाहून नेतं आणि अॅल्युमिनियम खातं.

ब्लॉक एकदा उचलला की जुनी पेस्ट पुसून नवी लावायचीच. पुसायला आयसोप्रोपिल अल्कोहोल घ्या, सॅनिटायझरची जेल नको, त्यात ग्लिसरीन असतं. एएम४ वाल्यांनी काढताना पीसी थोडा गरम करून, बंद करून, ब्लॉक हलकेच डावीउजवीकडे फिरवत सोडवावा, सरळ वर ओढला तर प्रोसेसर पिनांसकट सॉकेटमधून वर येतो.

पंपाची वायर कुठे लावू? चार-पाच कनेक्टर आहेत, डोकं फिरलंय.

डोकं फिरायलाच पाहिजे, कंपन्यांनी तसंच करून ठेवलंय. पंपाची वायर मदरबोर्डवरच्या एआयओ पंप किंवा डब्ल्यू पंप लिहिलेल्या हेडरला (वायर खोचायच्या पिनांना), अन् रेडिएटरचे फॅन सीपीयू फॅन हेडरला, ही सगळ्यात सोपी रचना. एआयओ पंप हेडर नसेल तर पंप सीपीयू फॅनला अन् फॅन दुसऱ्या कुठल्याही कॅबिनेट फॅन हेडरला. सीपीयू फॅन हेडर पूर्ण रिकामं ठेवलं तर चालू होतानाच "सीपीयू फॅन एरर" येऊन गाडी तिथेच थांबते, घाबरू नका, काही जळलेलं नसतं.

काही मॉडेलमध्ये पंपाला पॉवर एसएमपीएसच्या साटा कनेक्टरमधून मिळते आणि एक बारीक वायर फक्त वेग कळवायला सीपीयू फॅनला जाते, तिथे साटा लावायलाच लोक विसरतात. आर्क्टिक लिक्विड फ्रीझरसारख्यांमध्ये पंप अन् फॅनची मिळून एकच वायर येते. स्क्रीन किंवा सॉफ्टवेअरवाल्यांना वर यूएसबी २.० चं नऊ पिनचं हेडरपण लागतं, बोर्डवर अशी एक-दोनच असतात अन् एक कॅबिनेटच्या पुढच्या यूएसबीने खाल्लेलं असतं.

मग बायोसमध्ये (पीसी चालू होताना उघडता येणाऱ्या मदरबोर्डच्या सेटिंगमध्ये) जाऊन पंपाचं हेडर फुल स्पीडवर लॉक करा. फॅनसारखा कर्व्ह (तापमानाप्रमाणे वेग बदलायची सेटिंग) पंपाला लागला तर पीसी निवांत असताना पंप मंदावतो, अन् काहींचा तर नीट चालूच राहत नाही. आवाज फारच येत असेल तर ७०-८० टक्क्यांवर स्थिर ठेवा, पण सारखा वरखाली नको.

लाईटची वायर बसतेय तिथे लावली तर चालेल का?

नाही! तीन पिनवाली एआरजीबी ५ व्होल्टची, चार पिनवाली आरजीबी १२ व्होल्टची. ५ व्होल्टचे एलईडी १२ वर लावले की जळतात. बसत नसेल तर जबरदस्ती करू नका.

चालू केल्यावर गुळगुळ आवाज येतोय.

सुरुवातीला येतो, आतली हवा जागा शोधत असते. काही तासांत, फार तर एक-दोन दिवसांत जातो. नाही गेला तर चालू असताना कॅबिनेट हळूच पुढे-मागे तिरकं करा. तरी जात नसेल तर पंप उंचावर आहे का ते बघा, आणि तसंही नसेल तर वॉरंटी.

बरोबर बसलाय हे कसं तपासू?

बायोसमध्ये दहा मिनिटं बसा. तापमान खोलीपेक्षा २०-२५ डिग्री वर जाऊन थांबलं तर बरं, सारखं चढतच राहिलं अन् ८०-९० कडे निघालं तर पंप बंद आहे किंवा ब्लॉक टेकलेला नाही. नंतर विंडोजमध्ये सिनेबेंच (प्रोसेसर पूर्ण पळवणारी टेस्ट) लावा अन् एचडब्ल्यूइन्फो या प्रोग्रॅममध्ये तापमान बघत राहा, पण पाच मिनिटांत "वा, ६५ च" म्हणून बंद करू नका, पाणी तापायला वेळ लागतो, खरा आकडा वीस-तीस मिनिटांनी कळतो. याच कारणाने फॅन कर्व्हला थोडा उशीर लावा म्हणजे क्रोम उघडला की फॅन ओरडायचे थांबतील, पाण्याचं तापमान सेन्सर देत असेल तर फॅन त्याच्यावरच चालवा.

प्रोसेसर गरम आहे पण रेडिएटर अन् नळ्या थंडगार आहेत, असं असेल तर पाणी फिरत नाहीये, पंप बघा. रेडिएटर चांगला तापलाय अन् प्रोसेसरही तापलाय, तर हवा कमी पडतेय, फिल्टर अन् फॅन बघा.

३६० लावून पण रायझन ७९५०एक्स ९५ डिग्रीला जातो!

तो तसाच बनवलाय, ९५ पर्यंत जाऊन तिथेच थांबतो अन् जेवढा थंडावा मिळेल तेवढी क्लॉक वाढवतो. आवडत नसेल तर बायोसमधून इको मोड (कमी वॅटवर चालवायची सेटिंग) लावा, वेग थोडाच कमी होतो अन् तापमान धाडकन उतरतं. १३व्या-१४व्या पिढीच्या इंटेलवाल्यांनी आधी बायोस अपडेट करा. कितीतरी बोर्ड पॉवरची मर्यादा मोकळी सोडून येत होते, अन् चिपा बिघडायच्या प्रकरणानंतर इंटेलने ऑगस्ट २०२४ पासून त्यासाठी मायक्रोकोड (बायोस अपडेटमधून येणारी प्रोसेसरची दुरुस्ती) दिलेत. मर्यादा चिपेच्या ठरलेल्या टर्बो आकड्यावर (१४७००के, १४९००के ला २५३ वॅट) आणा, मगच कूलरला शिव्या द्या.

लीक झाला तर?

क्वचित होतो, पण होतो. ओलं किंवा चिकट काही दिसलं तर आधी भिंतीवरचं बटण बंद, प्लग बाहेर, मग फोटो, मग पुसणं. ब्लॉकच्या खालीच ग्राफिक्स कार्ड असतं, ते काढून पूर्ण वाळवा. काही कंपन्या गळतीमुळे खराब झालेले पार्टही वॉरंटीत भरून देतात, घ्यायच्या आधी अटी वाचा.

किती वर्षं टिकतो?

चांगल्या कंपन्या ५-६ वर्षांची वॉरंटी देतात, साधारण तेवढाच हिशोब धरा. त्यापुढे चालला तर बोनस. पंप जातो, पाणी कमी होतं, किंवा आत गाळ जमून त्या बारीक चिरा बुजतात. मोठ्या नावांनाही हे चुकलेलं नाही, २०२२ मध्ये आर्क्टिकने लिक्विड फ्रीझर २ मधल्या सीलच्या दोषासाठी ग्राहकांना फुकट दुरुस्ती किट दिलं होतं. याच्या उलट चांगला एअर कूलर पिढ्यानपिढ्या चालतो, फक्त फॅन बदलायचा.

तुमच्याकडून काम एवढंच की दोन-तीन महिन्यांनी रेडिएटरची धूळ ब्लोअरने उडवायची. फॅनची पाती बोटाने धरून ठेवा, नाहीतर ती गरगर फिरून बेअरिंग खराब होतं.

सेकंडहँड मिळतोय स्वस्तात, घेऊ?

नको. एअर कूलर सेकंडहँड घ्या बिनधास्त, एआयओ नको, आतलं पाणी किती उरलंय ते बाहेरून दिसत नाही. नवीन घेताना मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून घ्या नाहीतर ऑनलाइन, पण पक्कं बिल घ्या, अन् वॉरंटी भारतातला डिस्ट्रिब्युटर देतो की माल परदेशात पाठवावा लागतो हे आधी विचारा.

लोडशेडिंगमध्ये अचानक लाईट गेली तर पंप बंद पडून प्रोसेसर जळेल का?

पंपाबरोबर प्रोसेसरही बंद होतो, मग तापवणार कोण. यूपीएस लावाच, पण तो हार्डडिस्क अन् तुमच्या सेव्ह न केलेल्या फाइलसाठी.

पुण्याहून गावी पीसी न्यायचाय, एआयओ काढावा लागेल का?

नाही. उलट इथे एआयओ बरा, कारण नॉक्टुआ एनएच-डी१५ सारखा फॅनसकट १.३२ किलोचा टॉवर एसटीच्या धक्क्यांत मदरबोर्डला लटकून हलत राहतो, एआयओचा ब्लॉक हलका असतो. ग्राफिक्स कार्ड मात्र काढून वेगळं न्या. कॅबिनेट आडवं, काचेची बाजू वर अन् मदरबोर्ड खाली राहील असं ठेवा. पोचल्यावर उभं करून तासभर ठेवा, नळ्यांची टोकं कोरडी आहेत का बोट फिरवून बघा, मग चालू करा.